अर्धी खेळपट्टी

(मोठ्या मैदानावरील यशाची सुरुवात कधी कधी लहानशा मैदानात होते. बीड शहरातील सचिन धस या क्रिकेटपटूची ही हकिकत आहे.)

उमापूरहून एस.टी.ने गेवराईमार्गे बीडला जाता येते. हा सगळा भाग कमी पावसाचा. उन्हाळा आला, की गावोगावी पाण्याचे टँकर फिरू लागतात. टँकर दिसताच लोक घागरी, कळश्या घेऊन धावतात.

याच बीड शहरात एक वडील दर दोन-तीन दिवसांनी टँकर विकत घेत. पण ते पाणी घरात जात नसे. ते मैदानावरच्या मातीला दिले जाई.

मातीला पाणी कशासाठी? क्रिकेटची खेळपट्टी २२ यार्ड लांब असते. ती चिकण मातीची असेल, तर तिला पाणी द्यावे लागते. मग तिच्यावर रूळ फिरवावा लागतो. पाणी मिळाले नाही, तर मातीला भेगा पडतात आणि चेंडू वेडावाकडा उसळतो. बीडमध्ये सरावासाठी पूर्ण खेळपट्टीही नव्हती. होती ती अर्धी! वडिलांनी पैसे उसने घेऊन मुलाच्या सरावाची सोय केली होती.

या मुलाचे नाव सचिन. सचिन तेंडुलकरवरून वडिलांनी ते ठेवले. साडेचार वर्षांचा असल्यापासून तो बॅट हातात धरू लागला. त्याची आई पोलीस अधिकारी. तीही कबड्डी खेळलेली. मुलाने अभ्यास करावा, असे तिला वाटे. प्रशिक्षक शेख अझहर यांनी त्याला खेळाचे धडे दिले. पुढे तो महाराष्ट्राच्या संघात पोहोचला आणि तेथून भारताच्या १९ वर्षांखालील संघात त्याची निवड झाली.

२०२४ साली या वयोगटाची विश्वचषक स्पर्धा दक्षिण आफ्रिकेत झाली. नेपाळविरुद्ध सचिनने ११६ धावा केल्या. खरी कसोटी ६ फेब्रुवारीला बेनोनी येथे लागली. उपांत्य सामना होता. यजमान संघाने २४४ धावा केल्या होत्या. भारताचे चार गडी अवघ्या ३२ धावांत बाद झाले. आता सामना गेला, असेच वाटू लागले.

तेव्हा सचिन मैदानात आला. समोर कर्णधार उदय सहारन होता. दोघांनी १७१ धावांची भागीदारी केली. सचिन ९६ धावांवर बाद झाला. शतक चार धावांनी हुकले. पण संघ सावरला होता. भारताने तो सामना दोन गडी राखून जिंकला. अंतिम सामन्यात मात्र ऑस्ट्रेलियाने भारताला हरवले.

पुढे सचिन महाराष्ट्राच्या रणजी संघातूनही खेळू लागला.

बेनोनीच्या मैदानात ९६ धावा सचिनने एकट्याने काढल्या. पण त्यांच्यामागे वडिलांनी आणलेले टँकर होते आणि प्रशिक्षकांचे कष्ट होते. खेळपट्टी अर्धी होती; मेहनत मात्र पूर्ण होती.

शब्दार्थ
हकिकत – घडलेली गोष्ट
उसने घेणे – परत करण्याच्या बोलीने घेणे
कसोटी – परीक्षा
यजमान – ज्यांच्या देशात सामना आहे ते
हुकणे – थोडक्यात निसटणे

स्वाध्याय
१. खेळपट्टीला पाणी का द्यावे लागते?
२. उपांत्य सामन्यात भारतावर कोणता प्रसंग आला होता?
३. वाक्यात उपयोग करा : कसोटी लागणे, संघ सावरणे.
४. पाण्याची टंचाई असताना खेळपट्टीला पाणी देणे तुम्हांला योग्य वाटते का? पाच वाक्ये लिहा.