कुठेही न लिहिलेला नियम



आज आपण एका खेळाची हकीकत वाचणार आहोत. ती खरी आहे. ती अमेरिकेत १९६३ साली घडली.

खेळाचे नाव बास्केटबॉल. बास्केट म्हणजे टोपली आणि बॉल म्हणजे चेंडू. १८९१ साली जेम्स नेस्मिथ नावाच्या शिक्षकांनी हा खेळ काढला. तेव्हा फळांच्या टोपल्या उंच टांगून त्यांत चेंडू टाकीत. आता टोपलीच्या जागी लोखंडी कडे आणि जाळी असते. कडे जमिनीपासून दहा फूट उंच. मैदानाच्या दोन्ही टोकांना एकेक. एका बाजूला पाच गडी. चेंडू हाताने खेळायचा. कड्यातून टाकला की दोन गुण. समोरच्याच्या चुकीबद्दल मोकळी फेक मिळाली, तर तिचा एक गुण. हल्ली लांबून टाकला तर तीन गुण देतात. त्या वेळी दोनच देत.

खेळ साधा आहे. पण कोणी कोणाबरोबर खेळायचे, हे तिथे साधे नव्हते.

अमेरिकेत काळ्या लोकांना पूर्वी गुलाम करून ठेवले होते. १८६५ साली गुलामगिरी कायद्याने बंद झाली. तरी दक्षिणेकडच्या राज्यांत काळ्यांची शाळा वेगळी, पाण्याचा नळ वेगळा, गाडीत बसायची जागा वेगळी. शिवाशिव म्हणजे काय, हे आपल्याला कोणी सांगायला नको. तोच प्रकार तिथे कातडीच्या रंगावरून चाले.

शिकागो शहरात लोयोला नावाचे विद्यापीठ आहे. त्यांच्या बास्केटबॉल संघाचे वस्ताद होते जॉर्ज आयर्लंड. त्या काळी कॉलेजांत एक रीत होती. एका वेळी दोन-तीनांपेक्षा जास्त काळे गडी मैदानात उतरवायचे नाहीत. आयर्लंडनी ती मोडली. त्यांच्या पाचांपैकी चार काळे होते: जेरी हार्कनेस, लेस हंटर, व्हिक रौस आणि रॉन मिलर. पाचवा जॉन इगन गोरा. हार्कनेस संघनायक होता.

हे पुष्कळांना खपले नाही. न्यू ऑर्लिन्स शहरात काळ्या गड्यांना गोऱ्या सोबत्यांबरोबर एका हॉटेलात उतरता आले नाही. काळ्या कुटुंबांनी त्यांना आपल्या घरी ठेवून घेतले. ह्यूस्टन शहरात प्रेक्षकांनी शिव्या दिल्या, वस्तू फेकल्या. गडी खेळत राहिले, जिंकत राहिले. मार्च महिन्यात देशातल्या निवडक कॉलेजांचे मोठे सामने असतात. हरला तो संघ बाहेर. त्या सामन्यांत लोयोलाला जागा मिळाली.

आता दुसऱ्या संघाकडे वळू. दक्षिणेत मिसिसिपी राज्य आहे. तिथल्या मिसिसिपी स्टेट विद्यापीठाचा संघ सगळा गोरा. संघ चांगला होता. १९५९, १९६१ आणि १९६२ या तीन वर्षी तो आपल्या भागात पहिला आला. मोठ्या सामन्यांना जायचा मान मिळाला. तरी तिन्ही वेळा संघ घरीच बसला. का? तर तिथे काळ्या गड्यांशी गाठ पडेल म्हणून!

असा कायदा होता का? नव्हता. कोणत्याही पुस्तकात हा नियम लिहिलेला नव्हता. पण सगळे पाळत, म्हणून तो चालत होता. मोडला तर विद्यापीठाला सरकारचा पैसा मिळणार नाही, अशी भीती होती.

१९६३ साली संघ पुन्हा पहिला आला. गड्यांना खेळायचे होते. त्यांचे वस्ताद बेब मॅकार्थी यांनाही वाटे, यंदा जावे. त्या वेळी राज्यात वातावरण फार तापलेले होते. सहाच महिन्यांपूर्वी त्याच राज्यातल्या दुसऱ्या एका विद्यापीठात जेम्स मेरेडिथ नावाच्या काळ्या विद्यार्थ्याला प्रवेश मिळाला, म्हणून दंगल झाली होती. दोन माणसे मेली होती. राज्याचे गव्हर्नर रॉस बार्नेट यांचा काळ्यांबरोबर खेळायला विरोध होता. तरी कुलगुरू डीन कॉल्व्हर्ड यांनी २ मार्चला जाहीर केले, "संघ जाईल." विद्यापीठाच्या मंडळात मते घेतली. आठ जण बाजूने, तीन विरुद्ध.

विरोधक कोर्टात गेले. १३ मार्चला मनाईहुकूम मिळवला. हुकूम हातात पडला की संघ अडकला. मग काय, वस्ताद त्याच रात्री मोटारीने राज्याबाहेर गेले. दुसऱ्या दिवशी सकाळी वाट मोकळी आहे का, हे पाहायला राखीव गडी आधी विमानतळावर पाठवले. कोणी अडवले नाही. मग बाकीचे आले आणि विमान उडाले. पुढे राज्याच्या वरच्या कोर्टाच्या न्यायाधीशांनी तो मनाईहुकूमही थांबवला.

इकडे हार्कनेसला धमकीची पत्रे आली होती. तोही मागे हटला नाही.

१५ मार्च १९६३. मिशिगन राज्यातले ईस्ट लान्सिंग गाव. बारा हजारांवर माणसे जमली होती. सामना सुरू होण्याआधी दोन्ही संघनायक मधोमध आले. मिसिसिपीचा जो डॅन गोल्ड गोरा, लोयोलाचा हार्कनेस काळा. दोघांनी हात मिळवले. छायाचित्रकारांचे दिवे एकदम लखलखले. नुसते हात मिळवणे, पण ते पाहायला सारा देश थांबला होता.

मिसिसिपीने पहिले सात गुण घेतले. मग लोयोला सावरली. शेवटी लोयोला ६१, मिसिसिपी ५१. मारामारी नाही, शिवीगाळ नाही. सरळ खेळ झाला.

लोयोला पुढे अंतिम सामन्यात पोचली. २३ मार्चला समोर सिनसिनाटीचा संघ होता. त्याने मागची दोन्ही वर्षे अजिंक्यपद मिळवले होते. लोयोला एकदा पंधरा गुणांनी मागे पडली. तरी तिने बरोबरी गाठली. मग जादा वेळ दिला. शेवटच्या क्षणी हंटरने टाकलेला चेंडू कड्यावरून परतला. रौसने तो धरून आत ढकलला. ६०–५८! लोयोलाचे तेच पाच गडी सबंध पंचेचाळीस मिनिटे बदली न घेता खेळले.

कप लोयोलाने नेला. मग मिसिसिपी हरली का? गुणांत हरली. पण संघ परत गेला तेव्हा आभाळ कोसळले नाही. विद्यापीठ बंद पडले नाही. १९६५ साली रिचर्ड होम्स हा पहिला काळा विद्यार्थी त्याच विद्यापीठात शिकायला आला. तेव्हाही कुलगुरू कॉल्व्हर्डच होते. एका सामन्याने सगळा भेदभाव गेला असे नाही. पण जे होणारच नाही म्हणत होते, ते झालेले लोकांनी पाहिले.

२०११ साली गोल्ड वारले. त्यांच्या अंत्यविधीला हार्कनेस गेले. शवपेटीजवळ त्या हात मिळवण्याचे छायाचित्र ठेवलेले होते. २०२१ साली हार्कनेसही वारले.

मंडळी, आता आपल्याला वाचता येते. तेव्हा कोणी "असे करायचे नाही" म्हणाले, तर विचारावे, "कुठे लिहिले आहे, दाखवा." लिहिलेले असेल तर वाचून पाहावे, ते न्यायाचे आहे का. आणि लिहिलेलेच नसेल, तर तो नियम आपण पाळतो म्हणूनच उभा आहे, हे ओळखावे.

प्रश्न
१. मिसिसिपीचा संघ तीन वर्षे घरी का बसला?
२. कुलगुरूंनी काय जाहीर केले? त्यात कोणती भीती होती?
३. लोयोलाच्या गड्यांना कोणता त्रास झाला?
४. तुमच्या गावात कुठेही न लिहिलेला असा एखादा नियम आहे का? तो कोणाला जाचतो? वर्गात बोला.