आकाशात सोडलेला हिरवा किरण आणि आपल्या शिवारावरची हवा



थंडीच्या दिवसांत पहाटे उसाची गाडी घेऊन कारखान्याकडे येणाऱ्याला ही गोष्ट नवी नाही. रात्री कोणी पाचट पेटवलेले असले की त्याचा धूर वर जात नाही. गोधडी अंथरावी तसा शिवारावर पसरून राहतो. दहा वाजता पाहावे तर कुठे काही नाही. हा धूर रात्रभर अडतो कशाला, आणि शास्त्रज्ञ ही हवा मोजतात कशी, ते या पाठात पाहू.

दिवसा उन्हाने जमीन तापते, जमिनीलगतची हवा हलकी होऊन वर चढते, वरची खाली येते. भाताला आधण यावे तशी ही घुसळण. उन्हाळ्यात ती दीड-दोन किलोमीटर उंचीपर्यंत, कधी त्याहूनही वर पोचते. सूर्य मावळला की सगळे उलट. आभाळ निरभ्र, वारा पडलेला. जमीन भराभर निवते आणि लगतची हवाही निवते, पण वरची तेवढी निवत नाही. खाली गार, वर ऊबदार. शाळेच्या भूगोलात यालाच तापमानाची विपरीतता म्हणतात. गार हवा जड, ती वर उठत नाही; मग तिच्यातला धूर, धूळ, फवाऱ्याचे बारीक थेंब, सगळे तिथेच अडकून पडते. परभणीची थंडी कशी असते ते आम्ही सांगायला नको. असे थर इथे हिवाळ्यात पुष्कळ रात्री बनतात.

आता हे मोजायचे कसे? हवामान खाते ठरावीक केंद्रांवरून फुगे सोडते, पण फुगा एकदा गेला की गेला. घटका-घटकाला काय बदलले ते त्यावरून कळत नाही. तिथे लेसर कामी येतो. पहिला लेसर अमेरिकेत 1960 साली पेटला आणि 1963 मध्ये त्याचा किरण आकाशात सोडून परत आलेला उजेड टिपलाही गेला. रडार रेडिओलहरींनी जे करते तेच हे यंत्र प्रकाशाने करते. त्याचे नाव लायडर. किरणाच्या वाटेत धुळीचे, धुराचे कण आले की थोडा उजेड इकडेतिकडे फेकला जातो. कण जास्त, तर उजेड जास्त.

आपल्या महाराष्ट्रात पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेत 1986 सालापासून असे यंत्र चालवले गेले. डॉ. पी. सी. एस. देवरा आणि डॉ. अर्नेस्ट राज यांनी त्यावर बरेच काम केले. त्यात आर्गॉन वायूचा लेसर होता, किरण हिरवा. बहुतेक लायडर प्रकाशाचा ठोका मारतात आणि तो किती वेळात परतला यावरून उंची काढतात. सेकंदाच्या दहा लाखाव्या भागात परतला तर 150 मीटर. पुण्याच्या यंत्राची तऱ्हा निराळी. त्याचा किरण अखंड, आणि उजेड टिपणारी दुर्बीण लेसरपासून 60 मीटर दूर.

समजा, खळ्यात धूळ उडते आहे आणि एकाने बॅटरी सरळ वर धरली आहे. आपण बाजूला 60 मीटरवर उभे राहिलो तर उजेडाचा खांब दिसतो. मान 45 अंश वर केली की खांबाचा 60 मीटर उंचीचा भाग नजरेला येतो, 60 अंशाला साधारण 104 मीटरचा आणि 80 अंशाला 340 मीटरचा. म्हणजे नुसत्या कोनावरून उंची! मोजणीदार दूरच्या झाडाची उंची काढतो तोच हिशोब. फरक एवढाच की दुर्बिणीला डोळ्याला न दिसणारा उजेडही मोजता येतो. आम्हाला यातली साधेपणाची गंमत फार आवडली.

अशा मोजणीवरून घुसळणीचा थर किती उंच आहे आणि कण कुठे साचले आहेत ते कळते. पुण्यात उन्हाळ्याच्या शेवटी कण भरपूर असतात, आणि पावसाळ्यात हवा धुऊन निघते, असे दिसून आले. पुणे डोंगरांच्या कुशीत, आपण सपाटीवर, तेव्हा तिथले आकडे इथे जसेच्या तसे लागू करता येणार नाहीत. पण रात्री थर बसतो आणि उन्हाने तो फुटतो, हा नियम दोन्हीकडे एकच.

यातला आपल्या कामाचा भाग तणनाशकाचा आहे. पूर्वहंगामी लागण ऑक्टोबर-नोव्हेंबरची. त्यात 2,4-डी मारतात, आणि बांधापलीकडे कापूस उभा असतो. कापसाला या औषधाचा वाराही सोसत नाही. पाने अरुंद, वेडीवाकडी होतात. (पंप न धुता वापरला तरी हेच होते, तो भाग वेगळा.) पुष्कळांना वाटते, वारा अगदी पडलेला असला की फवारणी बिनघोर. आमच्या मते इथेच फसगत होते. पहाटेच्या निवांत हवेत बारीक थेंब खाली न बसता अडकलेल्या थरात तरंगतात, आणि मंद झुळकेबरोबर दुसऱ्याच्या रानात उतरतात. सूर्यास्ताच्या सुमाराचीही तीच कथा.

तेव्हा फवारणीपूर्वी बांधावर मूठभर ओले गवत धुमसवून पाहा. धूर आडवा पसरून लोंबकळत राहिला तर थांबा. उन्हं वर येऊन तास-दोन तास झाले, धूर वर जाऊन विरू लागला आणि वाऱ्याची हलकी झुळूक कापसाच्या उलट दिशेला असली, तर पंप खांद्यावर घ्यावा. वारा जोराचा असेल तर मात्र त्या दिवशी फवारणीच नको. थेंब मोठा पडेल असे नोझल वापरावे, आणि शेजाऱ्याला आदल्या दिवशी सांगून ठेवावे.