तप्त वाळवंटातील मूल आणि आपला विद्यारंभ

पैठण क्षेत्री गोदावरीच्या तापलेल्या वाळवंटात एक लहान मूल आईच्या मागे राहून आक्रोश करीत होते, ही कथा आपणां सर्वांस परिचित आहे. ते मूल त्या काळी अस्पृश्य मानलेल्या ज्ञातीचे होते. श्रीएकनाथमहाराजांनी त्यास कडेवर घेतले, त्याचे डोळे पुसले, आणि त्याला त्याच्या घरी पोहोचविले. या शेवटच्या कृतीतच आजचा पाठ आहे. वाटेत खाऊ देऊन मुलाचे रडे थांबविणे सोपे होते. परंतु नाथ त्याच्यासोबत चालले.

हीच गोदामाई पुढे बासरास येते. पूर्वी आदिलाबाद जिल्ह्यात असलेल्या व २०१६ पासून निर्मल जिल्ह्यात गेलेल्या या क्षेत्री, श्रीज्ञानसरस्वतीसमोर आपण आपल्या बालकांचा अक्षरारंभ करवितो. पण ज्यांचे आईबाप पोटासाठी गाव सोडतात, त्यांच्या अक्षरारंभाचे काय? ओडिशातील कुटुंबे तेलंगणातील वीटभट्ट्यांवर येतात. बीडकडील नवराबायकोची जोडी ‘एक कोयता’ म्हणून ऊसतोडीस निघते, तेव्हा मुलाची शाळा ऐन वर्षाच्या मध्यात सुटते. युद्धामुळे अथवा दंगलीमुळे परागंदा झालेल्या कुटुंबांतील मुलांचेही दुःख याच जातीचे असते.

कोणी म्हणेल, “चार महिन्यांनी निघून जाणाऱ्या मुलास शिकवून काय साधणार?” याचे उत्तर मीरा महादेवन यांच्या कार्यात सापडते. १९६९ साली दिल्लीत गांधी जन्मशताब्दीच्या प्रदर्शनाचे बांधकाम चालू असता मजूर स्त्रियांची मुले दगडमातीत पडलेली पाहून त्यांनी तेथेच तंबूत पाळणाघर उघडले. ‘मोबाइल क्रेशेस’ या संस्थेचा तो प्रारंभ होय. इमारत पुरी झाली की पाळणाघर मिटावे व नव्या बांधकामावर पुन्हा मांडावे, अशी तिची रीत. बीना लष्करी व रजनी परांजपे यांनी १९८८ साली मुंबईत आरंभिलेल्या ‘डोअर स्टेप स्कूल’नेही शाळाच मुलाच्या दाराशी नेली. मूल फिरते असेल, तर दानानेही फिरते व्हावे, हा या कार्याचा गाभा आहे.

कायदाही येथे साह्यकारी आहे. १ एप्रिल २०१० पासून अंमलात आलेल्या शिक्षणहक्क कायद्यानुसार सहा ते चौदा वर्षांच्या मुलास वर्षाच्या मध्येही शाळेत प्रवेश मिळतो. जुन्या शाळेचा दाखला येण्यास विलंब झाला, एवढ्या कारणावरून तो नाकारता येत नाही. मात्र परमुलखातील निरक्षर मातेस हे कोण सांगणार? तिची भाषा समजून घेऊन तिच्यासोबत शाळेच्या पायरीपर्यंत कोण जाणार?

उत्सवातील अन्नदान पुण्यप्रद आहेच. पण पंगत उठते आणि मूल पुन्हा भट्टीवर जाते. म्हणून प्रत्येक कुटुंबाने या पंधरवड्यात तीन गोष्टींचे मनन करावे: आपल्या गावाबाहेर अशी किती बालके आहेत? त्यांतील कोणाचे नाव कोणत्या शाळेच्या पटावर आहे? आणि ज्याचे नाही, त्याचा हात धरून आपण किती पावले चालावयास सिद्ध आहोत?