कॅमेऱ्यापुढें आणि कॅमेऱ्यामागें

चित्रपट पाहून आलेल्या विद्यार्थ्यास विचारावें, तों तो नटांचीं नांवें घडाघडा म्हणून दाखवितो. पण चित्र कोणीं घेतलें, कोणीं जोडलें, असें विचारतांच गप्प बसतो. म्हणून आम्ही येथें अशा एका पुरुषाची हकीकत देत आहों कीं, ज्यानें दोन्ही बाजूंचें काम एकदम पत्करलें आणि त्याची किंमतही मोजली.

व्ही. शांताराम यांचा जन्म १९०१ सालीं कोल्हापुरास झाला. आमच्या पाटणाहून कऱ्हाडावरून दक्षिणेस गेलें कीं तें शहर लागतें. १९२० सालीं ते बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनींत शिरले. तेथें पडेल तें काम करावें लागे. ‘सिंहगड’ (१९२३) मध्यें त्यांनीं शेलारमामा रंगविला, ‘सावकारी पाश’ (१९२५) मध्यें जमिनीस मुकलेला तरुण शेतकरी. आणि १९२७ सालीं ‘नेताजी पालकर’च्या दिग्दर्शनांत त्यांनीं पाऊल टाकलें.

आतां अडचण पहा. दिग्दर्शक हा प्रेक्षकांच्या वतीनें पाहणारा. पण तोच नट म्हणून पुढें उभा राहिला कीं, त्यास स्वतःचा चेहरा दिसत नाहीं. आज लहानशा पडद्यावर दृश्य तत्काळ पाहतां येतें. त्या काळीं फिल्म धुऊन निघेपर्यंत थांबावें लागे आणि तोंवर छायालेखकाच्या डोळ्यांवर सारा भरंवसा.

‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) या चित्रपटांत शांतारामबापूंनीं हें ओझें उचललें. त्याचें मूळ आमच्याच मुलुखांतलें. आजच्या सांगली जिल्ह्यांतील आटपाडीजवळ, त्या वेळच्या औंध संस्थानांत, १९३९ सालीं स्वतंत्रपूर ही कैद्यांची वसाहत निघाली. कल्पना मॉरिस फ्रीडमन या पोलिश गृहस्थांची. आश्रय औंधच्या राजेसाहेबांचा. तेथें तट नाहीं, कोठडी नाहीं. शिक्षा झालेलीं माणसें शेती करून राहतात. पटकथाकार ग. दि. माडगूळकर हेही त्याच तालुक्यांतील शेटफळें येथें जन्मलेले. चित्रपटांत जेलर आदिनाथ सहा खुनी कैद्यांस घेऊन ओसाड माळ पिकवितो. शेवटीं शत्रूंनीं सोडलेल्या बैलाशीं झुंजतांना प्राण देतो. आदिनाथ स्वतः शांतारामबापू.

त्या झुंजीच्या चित्रीकरणांत त्यांच्या डोळ्यांस जबर इजा झाली व कांहीं काळ त्यांस दिसेनासें झालें. आमच्या मतें तेथें बदली माणूस उभा केला असता, तरी प्रेक्षकांस फारसें कळलें नसतें. नट जायबंदी झाला म्हणजे दुसरा आणतां येतो. पण येथें नटाबरोबर दिग्दर्शकाचेही डोळे बांधले गेले.

सुदैवानें दृष्टि परत आली. चित्रपटास राष्ट्रपतींचें सुवर्णपदक मिळालें. १९५८ सालीं बर्लिनच्या महोत्सवांतही तो गौरविला गेला. पुढें ‘नवरंग’ (१९५९) हा रंगीत चित्रपट निघाला. त्यांत नायकाची भूमिका महिपाल यांस देऊन शांतारामबापूंनीं दिग्दर्शन आपणांकडे ठेविलें.