सेंद्रिय गहू : भाव धान्याचा आणि भाव कागदाचा

आपल्यातील कितीतरी घरे गव्हावर चालतात. कोणाची बेकरी आहे, कोणाची पिठाची गिरणी, कोणी आडतीवर बसतो, तर कोणी खारी-टोस्टचे पत्र्याचे डबे सायकलला बांधून दारोदार फिरतो. या मंडळींकडून अलीकडे एक प्रश्न वारंवार येतो. शहरातले गिऱ्हाईक सेंद्रिय गव्हाचा आटा मागते, त्याला जादा भावही देते. मग हा माल आपण का ठेवू नये?

जरूर ठेवावा. पण साधा गहू आणि सेंद्रिय गहू यांचे भाव कोठे ठरतात, हे आधी समजून घ्यावे. दोन्ही पोत्यांतला दाणा सारखाच दिसतो, बाजार मात्र निरनिराळे आहेत.

प्रथम साध्या गव्हाचे पाहू. जगात दरवर्षी सुमारे 80 कोटी टन गहू पिकतो, पण एका देशातून दुसऱ्या देशात विकला जातो तो त्याचा जेमतेम चौथा हिस्सा. भारतात 11 कोटी टनांहून अधिक गहू होतो. चीनच्या खालोखाल आपलाच क्रमांक, परंतु जवळजवळ सगळा आपणच खातो. शिकागोच्या वायदे बाजारात गव्हाचा भाव बुशेलवर बोलला जातो. एक बुशेल म्हणजे 60 पौंड, अर्थात सुमारे 27.2 किलो, टनात साधारण पावणेसदतीस बुशेल बसतात. वर्तमानपत्रातला शिकागोचा भाव क्विंटलवर आणायचा असेल तर एवढा हिशेब पुरे.

24 फेब्रुवारी 2022 रोजी रशियाने युक्रेनवर हल्ला केला. जगाच्या गहू निर्यातीतील चौथ्या हिश्श्याहून अधिक माल या दोन देशांचा. मार्चमध्ये शिकागोचा भाव बुशेलला 13 डॉलरच्या वर गेला. आपल्याकडे त्या हंगामाचा हमीभाव क्विंटलला 2,015 रुपये होता. निर्यातदारांच्या मागणीमुळे खाजगी व्यापारी त्याहून जास्त देऊ लागले. त्यातच मार्चच्या कडक उन्हाने दाणा बारीक पडला. 2021 मध्ये 433 लाख टन झालेली सरकारी खरेदी 188 लाख टनांवर आली आणि 13 मे 2022 रोजी सरकारने निर्यात बंद केली. कांडला बंदराबाहेर मालाने भरलेल्या ट्रकांच्या रांगा लागल्या. ज्यांचे लेटर ऑफ क्रेडिट बंदीपूर्वीचे होते त्यांनाच माल पाठवता आला. मग काहींनी मागच्या तारखेची पत्रे तयार केली आणि सरकारला प्रत्येक पत्राची पडताळणी करावी लागली. ऑगस्टमध्ये आटा, मैदा व रवा यांची निर्यातही थांबली.

पुढे तेजी ओसरली. 2024 च्या उत्तरार्धात शिकागोचा भाव 6 डॉलरच्या आत-बाहेर होता. 6 डॉलर बुशेल म्हणजे टनाला सुमारे 220 डॉलर. त्या वेळच्या 84 रुपये दराने क्विंटल 1,850 रुपये. तरी आपला मैदा उतरला नाही, कारण 2019 पासून आयात गव्हावर 40 टक्के जकात आहे. ती धरली की हाच गहू 2,590 रुपयांवर जातो, आणि त्यात जहाजाचे भाडे अजून आलेलेच नाही. जगातली तेजी समुद्र ओलांडून येते, मंदी जकातीपाशी अडते. बेकरीवाल्याने मैद्याचा करार करताना हे ध्यानात ठेवावे.

सेंद्रिय गव्हाला असा वायदे बाजारच नाही. त्याचा भाव खरेदीदार व शेतकरी आपसात ठरवतात, आणि तो का जास्त असतो हे शेतात गेल्यावर कळते. युरिया बंद केला की पिकाला नत्र हळूहळू मिळते आणि उतारा घटतो. चौथ्या हिश्श्याने घट ही काही मोठी गोष्ट नव्हे. समजा, 20 क्विंटलच्या जागी 15 क्विंटल झाले. साधा गहू 2,400 रुपयांना जात असेल, तर तेवढीच रक्कम हाती येण्यासाठी त्या शेतकऱ्याला 3,200 रुपये भाव मिळाला पाहिजे. खताचा खर्च वाचतो हे खरे, पण तो खुरपणीच्या मजुरीत जातो. शिवाय रासायनिक शेती सोडल्यापासून पहिली दोन वर्षे रूपांतराची धरतात. उतारा घटलेला, पण माल सेंद्रिय म्हणून विकता येत नाही. यावरून एक सोपी परीक्षा निघते. साध्या गव्हापेक्षा शंभर रुपये जादा घेऊन कोणी सेंद्रिय गहू देऊ लागला, तर त्याच्याकडे नीट चौकशी करावी.

दाण्याकडे पाहून ओळख पटत नाही, म्हणून या धंद्यात कागद महत्त्वाचा. 2016 साली युक्रेनहून तुर्कस्तानमार्गे कॅलिफोर्नियाला गेलेले सुमारे 16,000 टन सोयाबीन निघताना साधे होते, पोहोचताना कागदोपत्री सेंद्रिय झाले आणि त्याची किंमत सुमारे 40 लाख डॉलरने वाढली. अशा प्रकारांनंतर अमेरिकेने नियम कडक केले. मार्च 2024 पासून तेथे बहुतेक दलाल व आयातदारांनाही प्रमाणपत्र घ्यावे लागते. आपल्याकडे दोन पद्धती आहेत. एक राष्ट्रीय सेंद्रिय उत्पादन कार्यक्रमाची, जी निर्यातीलाही चालते. यात माल हात बदलेल तेव्हा त्या सौद्याचे वेगळे प्रमाणपत्र निघते. दुसरी पीजीएस, म्हणजे शेतकऱ्यांच्या गटाने एकमेकांची हमी घेण्याची. अन्नसुरक्षा प्राधिकरणाच्या 2017 च्या नियमांनुसार यापैकी एक असल्याशिवाय पाकिटावर सेंद्रिय शब्द छापता येत नाही. थेट ग्राहकाला विकणाऱ्या लहान शेतकऱ्याला सूट आहे. ती आपल्या दुकानाला लागू आहे असे धरून चालू नये.

कागद मिळाला तरी माल आपल्या हातून बिघडू शकतो. गोदामात किडीसाठी नेहमीच्या विषारी धुरीच्या गोळ्या टाकल्या की तो गहू सेंद्रिय राहिला नाही. उन्हात वाळवणे, हवाबंद कोठी आणि कडुनिंबाचा पाला, एवढ्यावरच भागवावे लागते. चक्कीत आधी साधा गहू दळला असेल तर ती साफ केल्यावाचून सेंद्रिय दळण घालू नये.

बेकरीवाल्यांसाठी आणखी एक गोष्ट. नत्र कमी मिळाल्यामुळे अशा गव्हात प्रथिने कमी भरण्याचा संभव असतो. मग कणीक ताणली जात नाही आणि पाव बसका होतो. नानखटाई-बिस्किटांना ते चालते, उलट बरेच. खपली गव्हाचेही तसेच. खीर आणि पुरणपोळीला उत्तम, पावाला नाही. आणि खपली म्हणजे सेंद्रिय हा समज तर अगदी चुकीचा. खपलीलाही युरिया घालतात.

मध्यंतरी एका परिचित बेकरीमालकांनी मला पाच पोती दाखवली. वर खडूने 'सेंद्रिय' लिहिलेले, भाव दीडपट दिलेला, बिलावर मात्र नुसते 'गहू'. पुरवठादार म्हणाला, कागद मागाहून पाठवतो. ते महिनाभर थांबले, फलक रंगवायला दिला होता तो परत आणला, आणि ती पाचही पोती साध्या टोस्टमध्ये साध्या भावाने संपवली.