दुखऱ्या तोंडाच्या आजाऱ्यासाठी मऊ कढण

आजाऱ्याच्या भेटीस जाणे हे आपल्या खेडेगावांत आजही पाळले जाते, व ते चांगलेच आहे. परंतु भेटीस जाणारा मनुष्य बहुतकरून दोन शब्द बोलून, चहा पिऊन परत येतो. आजाऱ्याच्या ताटात काय आहे, हे पाहण्याचे त्यास सुचत नाही. जे आजारी तोंडाच्या दुखण्याने बेजार आहेत, त्यांच्या बाबतीत तर ताटात काय आहे हाच मुख्य प्रश्न होय. यास्तव ह्या पाठात आम्ही एका लहानशा, पण उपयोगी विषयाचा विचार करणार आहोत: ज्याचे तोंड सोलले आहे, ज्याला घास चावता येत नाही व मीठतिखटाचा कण लागताच ज्याच्या डोळ्यांत पाणी येते, अशा मनुष्यासाठी घरच्या घरी मऊ, थंडावा देणारे व अंगात ताकद आणणारे कढण कसे करावे.

साकोली तालुक्यातील एकोडी येथे एका घरी आम्ही गेलो असता जे पाहिले, त्यावरून हा पाठ लिहिण्याची गरज आम्हांस वाटली. घरधनी पन्नाशीच्या आतला, धानाच्या बांधीत राबणारा मनुष्य. पुष्कळ वर्षे खर्रा खाण्याची सवय. पुढे गालाच्या आतल्या बाजूस न भरणारी जखम झाली, आणि नागपुरास नेऊन तपासल्यावर ती कर्करोगाची ठरली. आम्ही गेलो तेव्हा किरणोपचाराचा चौथा आठवडा चालू होता व तो दोन दिवसांच्या सुटीत घरी आला होता. त्याच्या पत्नीने वाटीभर पेज त्याच्यापुढे ठेवली. त्याने दोन घोट घेतले व वाटी बाजूस सारली. बाई हळूच म्हणाली, “पंधरा दिवसांपासून पेजेवरच आहेत जी. कपडे सैल झाले. डॉक्टर म्हणतात, वजन असंच उतरलं तर शेक मध्येच थांबवावा लागेल. आता मी काय रांधू?”

वाचकहो, ह्या बाईच्या प्रश्नास उत्तर देणे हा ह्या पाठाचा हेतू आहे.

१. तोंड का सोलते?

तोंडाच्या आतील कातडी फार नाजूक असून ती एक-दोन आठवड्यांत सतत नवी होत असते. जुने पेशीकण झडतात व त्यांच्या जागी नवे येतात. किरणोपचार व कर्करोगावरील कित्येक औषधे वेगाने वाढणाऱ्या पेशींस मारतात. त्यांत रोगाच्या पेशी मरतात, पण तोंडाच्या ह्या निरोगी पेशींनाही मार बसतो. मग झडलेल्याची भरपाई होत नाही, व आतले मांस उघडे पडते. तोंडाच्या व घशाच्या रोगावर किरणे बहुधा आठवड्यातून ५ दिवस, याप्रमाणे ६ ते ७ आठवडे देतात. दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात दुखणे सुरू होते, आणि उपचार संपल्यावर बहुतेकांचे तोंड काही आठवड्यांत भरून येते. त्याच वेळी लाळेच्या पिंडांनाही इजा होते, म्हणून तोंड कोरडे पडते व कोरडा घास घशाखाली उतरत नाही.

परंतु दुखऱ्या तोंडाचे कारण नेहमी इतके मोठे नसते. साधे छाले ८-१० दिवसांत आपोआप बरे होतात. आहारात ब जीवनसत्त्व कमी पडले, तर ओठांच्या कोपऱ्यांस चिरा पडतात व जीभ लाल होऊन हुळहुळते. आपल्या भंडारा जिल्ह्यात भात हेच मुख्य अन्न. गिरणीत फार पांढरा केलेला तांदूळ आपल्या कोंड्याबरोबर ही जीवनसत्त्वे गमावून बसतो. वर भाताचे पाणी ओतून टाकले, तर उरलेसुरलेही जाते. उसना तांदूळ करताना धान आधी भिजवून वाफवतात, त्यामुळे ह्या सत्त्वाचा काही भाग दाण्याच्या आत मुरतो व गिरणीतून वाचतो. पेज न फेकता पिणारी आपली जुनी माणसे अडाणी नव्हती, हे यावरून दिसेल.

२. मग पेजेत उणे काय?

पेज मऊ आहे, थंड करून देता येते, तोंडास झोंबत नाही. म्हणून ती चांगली. पण ती पोट भरते, अंग भरत नाही. अर्धी वाटी, म्हणजे सुमारे ६० ग्रॅम तांदळाच्या पेजेतून साधारण २०० उष्मांक व जेमतेम ४ ग्रॅम प्रथिने मिळतात. उलट ५० किलो वजनाच्या आजाऱ्यास अशा उपचारात दिवसाकाठी सुमारे १५०० उष्मांक व ६० ग्रॅम प्रथिने लागतात, कारण झिजलेली कातडी प्रथिनांवाचून नवी होत नाही. तेव्हा त्या बाईने दिवसातून चार वेळा पेज दिली, तरी नवऱ्यास उष्मांक सुमारे निम्मेच व प्रथिने तर जेमतेम पाव हिस्सा मिळत होती. दोष तिच्या प्रेमाचा नव्हे. ज्याला आपण आजाऱ्याचे अन्न म्हणत आलो, ते दोन दिवसांच्या तापासाठी ठीक आहे, दोन महिन्यांच्या उपचारासाठी नाही, एवढेच तिला कोणी सांगितले नव्हते.

३. कढणाची कृती

साहित्य असे घ्यावे: तांदळाची कणी अर्धी वाटी; मुगाची पिवळी डाळ पाव वाटी; लवकी, ज्यास इतरत्र दुधी म्हणतात, आणि पिकलेले लाल कोहळे, साल व बिया काढून, दोन्ही मिळून एक वाटी; पाणी आठ वाट्या; चिमूटभर हळद; चवीपुरते अगदी थोडे मीठ; लोणी किंवा तूप दोन लहान चमचे; दुधाची भुकटी दोन मोठे चमचे; आणि घरात चालत असेल तर एक अंडे.

कणी व डाळ निवडून एकदाच धुवावी व अर्धा तास भिजू द्यावी. गंजात पाणी उकळले म्हणजे कणी, डाळ व हळद सोडावी. उकळी आल्यावर आच मंद करून पाऊण तास शिजू द्यावे. मध्ये मध्ये ढवळावे, नाहीतर कणी बुडास लागते व करपट वास आजाऱ्यास मुळीच सोसत नाही. अर्धा तास झाल्यावर भाज्यांच्या फोडी टाकाव्या. डाळीचा दाणा बोटांत धरताच पीठ झाला, म्हणजे शिजले असे समजावे. मग गंज खाली उतरवून रवीने चांगले घुसळावे, आणि बारीक चाळणीतून चमच्याने दाबून गाळावे. गाळण्याचा कंटाळा करू नये. डाळीचे एक टरफल किंवा भाजीची एक शीर सोललेल्या गालास काट्याप्रमाणे टोचते.

गाळलेले कढण पुन्हा चुलीवर ठेवून त्यात मीठ घालावे. अंडे घालावयाचे असेल तर ते वेगळ्या वाटीत फेटून, बारीक धारेने उकळत्या कढणात सोडावे व एकसारखे ढवळीत दोन-तीन मिनिटे पुरते शिजू द्यावे. कच्चे किंवा अर्धे कच्चे अंडे ह्या आजाऱ्यास कधीही देऊ नये, कारण उपचाराने त्याची रोग अडविण्याची शक्ती उणावलेली असते. नंतर गंज उतरवून, दुधाची भुकटी थोड्या कोमट पाण्यात कालवून मिसळावी, व शेवटी तूप घालावे. गाठी राहिल्या तर पुन्हा एकदा गाळावे. कढण चमच्यावरून सहज ओघळेल इतके पातळ, पण पाण्यासारखे नव्हे, असे असावे. फार दाटले तर उकळलेले पाणी किंवा दूध घालावे.

अशा एका गंजात सुमारे ५०० उष्मांक व २० ग्रॅम प्रथिने येतात. दिवसातून दोन वेळा ताजे केले व त्याजबरोबर अर्धा लिटर दूध घोटघोट पाजले, म्हणजे वर सांगितलेल्या गरजेच्या अगदी जवळ आपण पोहोचतो. अंडे न खाणाऱ्यांनी डाळ व दुधाची भुकटी वाढवावी.

४. काय घालू नये

तिखट, मिरे, लसणाची फोडणी, चिंच, लिंबू, अंबाडी व भेद्रे ही ह्या कढणात मुळीच नकोत. आंबट ताक पुष्कळजण थंड म्हणून देतात. पण त्याची आंबटाई उघड्या मांसास झोंबते. थंडावा स्पर्शाने येतो, आंबटपणाने नव्हे. आमच्या भागात लाखोळीची डाळ स्वस्त मिळते, परंतु ती रोजच्या रोज मुख्य अन्न म्हणून बराच काळ खाल्ल्यास पाय लुळे पडण्याचा रोग जडतो. म्हणून आजाऱ्यासाठी मूगच घ्यावा.

५. देण्याची रीत

कढण कोमट किंवा त्याहून थंड असावे. हाताच्या मनगटावर थेंब टाकून पाहावा. एकाच वेळी मोठा वाडगा पुढे ठेवल्यास आजारी पाहूनच थकतो. त्याऐवजी एक-एक वाटी दर दोन-अडीच तासांनी द्यावी. त्यास ताठ बसवावे. पडल्या पडल्या पाजू नये. डॉक्टरांनी दुखणे कमी करण्याचे औषध दिले असेल, तर ते घेतल्यावर अर्ध्या तासाने खाऊ घालावे.

खाण्यापूर्वी व नंतर चूळ भरावी. एक लिटर उकळून निववलेल्या पाण्यात एक लहान चमचा मीठ व एक लहान चमचा खाण्याचा सोडा विरघळवून हे पाणी रोज नवे करावे. ते गिळू नये. बाजारातील झणझणीत चुळीची औषधे, ज्यांत मद्यार्क असतो, ती टाळावी. शिळे कढण, विशेषतः उन्हाळ्यात तसेच ठेवलेले, देऊ नये. शिजलेल्या तांदळात जे जंतू वाढतात त्यांचे विष पुन्हा तापवूनही जात नाही.

गिळताना वारंवार ठसका लागणे, ताप येणे, तोंडात पांढरा थर धरणे, किंवा दिवसभर पाणीही न उतरणे, ही लक्षणे दिसताच कढणावर विसंबून न राहता डॉक्टरांकडे जावे. कित्येकदा नाकातून नळी घालून अन्न द्यावे लागते. तीस लोक शेवटची खूण समजून भितात. ती तशी नव्हे; तोंड बरे होईपर्यंतचा तो पर्यायी रस्ता आहे. मधुमेह किंवा मूत्रपिंडाचा विकार असलेल्यांनी प्रमाण डॉक्टरांस विचारूनच ठरवावे. सहा महिन्यांच्या आतील बालकास आईच्या दुधावाचून हे कढण किंवा दुसरे काही देऊ नये.

६. जे कढणाने बरे होत नाही

आता एक गोष्ट स्पष्ट सांगणे आमचे कर्तव्य आहे. आमच्या गावांत पुष्कळ तरुण असे आढळतात की त्यांस भाजीचे तिखट सोसत नाही, तोंडाची आग होते, आणि तोंड पूर्वीसारखे उघडत नाही. घरचे लोक त्यास उष्णता म्हणतात व थंड पदार्थ देतात. पण जो खर्रा, सुपारी किंवा तंबाखू खातो, त्याच्या तोंडाची ही आग म्हणजे बहुधा आतील कातडी ताठ होऊ लागल्याचा पहिला इशारा असतो. हा विकार सुपारीपासून होतो. १९५२ साली पूर्व आफ्रिकेत राहणाऱ्या पाच भारतीय स्त्रियांच्या तोंडात श्वार्ट्झ नामक वैद्याने त्याची नोंद केली, व त्यानंतर लवकरच मुंबईचे डॉ. जोशी यांनी त्याचे वर्णन प्रसिद्ध केले. नुसती सुपारी, तंबाखूवाचूनही, कर्करोगास कारण होते, असा निर्णय जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने दिला असून तो २००४ साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाला आहे. महाराष्ट्रात २०१२ साली गुटख्यावर बंदी आली. तरी पानठेल्यावर घोटून मिळणाऱ्या खर्ऱ्याने त्याची जागा भरून काढली आहे, हे आम्ही रोज पाहतो.

म्हणून नियम असा ध्यानात ठेवावा: जो छाला दोन आठवड्यांत भरला नाही, किंवा तोंडात जो पांढरा अथवा लाल चट्टा आहे, किंवा ज्या तोंडात स्वतःची तीन बोटे उभी जात नाहीत, ते तोंड डॉक्टरांस दाखवावे. तपासणी लवकर झाली तर पुष्कळ जीव वाचतात. एकोडीच्या त्या मनुष्याने आम्हांस खुणेने व अर्ध्या शब्दांनी सांगितले की, जखम दिसल्यापासून दवाखान्यात जाईपर्यंत त्याने सात महिने घालविले. त्याच्या हातून खर्रा सुटला आहे. पण ते सात महिने परत येत नाहीत.

त्या दिवशी आम्ही बसलो असतानाच त्याच्या पत्नीने शेजारणीकडून कोहळ्याची फोड आणली व वर लिहिल्याप्रमाणे कढण केले. पहिल्या वाटीस त्याला पाऊण तास लागला. मधून मधून तो डोळे मिटून थांबत असे. पण वाटी रिकामी झाली. पुढच्या आठवड्यात त्याचे वजन वाढले नाही, परंतु उतरलेही नाही, आणि शेक थांबला नाही. उपचार संपेपर्यंत शेजारच्या तीन घरांनी आळीपाळीने एक वेळचे कढण पोहोचविले, त्यामुळे बाईस शेतावर जाता आले. आजाऱ्याच्या भेटीचा खरा अर्थ आम्हांस त्या तीन घरांकडून शिकावयास मिळाला.

घरी व सभेत विचारण्याचे प्रश्न

१. नुसत्या पेजेने पोट भरते, तरी आजाऱ्याची झीज का भरून येत नाही?

२. कढण गाळून व कोमट करून का द्यावे?

३. तिखट सोसत नसलेल्या खर्रा खाणाऱ्यास थंड पदार्थ देऊन स्वस्थ का बसू नये?

४. आपल्या गावात असा आजारी कोण आहे, आणि त्याच्या घरी उद्या एक वेळचे कढण कोण नेणार?