निकाल लागलेला जमिनीचा वाद आणि पूर्वन्यायाचे तत्त्व

जमिनीच्या मालकीचा दावा हरल्यावर "वकील बदलून पुन्हा दावा लावू" असे म्हणणारा शेतकरी गावोगाव आढळतो. जमिनीवरील त्याची माया समजण्यासारखी आहे. परंतु ज्या पैशांतून विहिरीचा गाळ निघावयाचा किंवा बैलजोडी यावयाची, तो पैसा कोर्टाच्या फेऱ्यांत जातो आणि हाती काहीच लागत नाही. यास्तव निकाल लागलेल्या वादाविषयी कायदा काय सांगतो, हे शेतकरी बंधूंनी व ग्रामकार्यकर्त्यांनी नीट समजून घेणे अगत्याचे आहे.

तत्त्व काय आहे?

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील कलम ११ अन्वये, जो मुद्दा त्याच पक्षकारांमध्ये सक्षम न्यायालयाने पूर्वी ऐकून अखेरचा ठरविला आहे, तो पुन्हा चालविता येत नाही. यास पूर्वन्याय म्हणतात. ही कल्पना आपल्याकडे नवी नव्हे. धर्मशास्त्राने प्रतिवादीच्या उत्तराचे जे चार प्रकार सांगितले आहेत, त्यांत 'प्राङ्न्याय' हा एक आहे. वादी याच वादात पूर्वी हरला आहे, हेच ते उत्तर होय.

हे बंधन केवळ मूळ पक्षकारांवर नसते. त्यांचे वारस व त्यांच्याकडून जमीन घेणारा खरेदीदार यांवरही ते असते. बाप हरला म्हणून मुलाने तोच दावा लावावा, असे चालत नाही.

एक उदाहरण

समजा, एका शेतकऱ्याने खरेदीखताच्या आधारे दोन एकरांवर मालकी सांगितली व तो हरला. अपिलाची मुदतही गेली. पुढे तो म्हणू लागला, "खरेदीखत राहू द्या, ही जमीन मला पूर्वीच्या वाटणीत आली होती." परंतु वाटणीचा आधार पहिल्या दाव्याच्या वेळीही त्याच्याजवळ होता. जो आधार तेव्हा मांडता आला असता व मांडावयास हवा होता, तो मांडला होता असेच कायदा धरतो. म्हणून पहिल्या दाव्यातच आपले सर्व आधार व कागद वकिलापुढे ठेवावेत.

कोणते मार्ग खुले असतात?

निकाल चुकीचा वाटल्यास अपील करावे. जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत ३० दिवस, तर उच्च न्यायालयात ९० दिवस असते. निकालाची नक्कल मिळण्यास लागणारा आवश्यक काळ यातून वजा होतो. तरी नकलेचा अर्ज त्वरित द्यावा. दुसरे अपील मात्र कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावरच चालते.

वादी तारखेस गैरहजर व प्रतिवादी हजर असल्याने दावा निकाली निघाल्यास, वादीला त्याच कारणावर नवा दावा लावता येत नाही. ३० दिवसांत सबळ कारण दाखवून तोच दावा पुन्हा दाखल करून घ्यावा.

पूर्वन्याय कोठे लागत नाही?

निकालानंतर नवे कारण घडल्यास, उदाहरणार्थ प्रतिपक्षाने पुढे नव्याने अतिक्रमण केल्यास, नवा दावा चालतो. पहिला दावा केवळ मनाई हुकमाचा असून मालकीचा प्रश्न त्यात प्रत्यक्ष ठरला नसल्यास, मालकीचा दावा बहुधा अडत नाही. न्यायालयाची फसवणूक करून मिळविलेला निकाल टिकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९३ साली सांगितले आहे. परंतु फसवणूक पुराव्याने सिद्ध करावी लागते, नुसता आरोप पुरत नाही.

महसुली नोंदीविषयी गैरसमज

दिवाणी दावा हरल्यावर काहीजण फेरफाराची तक्रार करून तोच वाद महसुली अधिकाऱ्यांपुढे नेतात. सातबारावरील नोंद खोटी ठरेपर्यंत खरी मानली जाते, पण नोंदीने मालकी निर्माण होत नाही. आणि दिवाणी न्यायालयाने ठरविलेली मालकी अशा नोंदीने पालटत नाही. जिंकणाऱ्यानेही स्वस्थ बसू नये. हुकूमनाम्याची प्रमाणित प्रत देऊन नोंद करून घ्यावी. ताबा मिळावयाचा असल्यास हुकूमनाम्याच्या बजावणीची दरखास्त १२ वर्षांच्या आत द्यावी. कुळाचा प्रश्न मात्र निराळा आहे. कोणी कूळ आहे की नाही, हे कूळकायद्याखालील अधिकारी ठरवितात, दिवाणी न्यायालय नव्हे.

ग्रामकार्यकर्त्यांचे काम

नवा दावा लावण्यास निघालेल्या शेतकऱ्यास तीन प्रश्न विचारावेत. पूर्वी निकाल झाला आहे काय? त्याची नक्कल कोठे आहे? त्यानंतर नवे काय घडले? तिसऱ्या प्रश्नास उत्तर नसेल, तर घाई करू नये असे त्यास सांगावे, आणि नक्कल घेऊन त्यास तालुका विधी सेवा समितीकडे पाठवावे. स्त्रिया तसेच अनुसूचित जाती व जमातींच्या व्यक्ती यांना तेथे उत्पन्नाची अट न लावता मोफत कायदेशीर साहाय्य मिळते.

निकाल नेहमीच मनाजोगता लागतो असे नाही. परंतु वादाला शेवट नसेल, तर जिंकणाऱ्यालाही निर्धास्तपणे पेरणी करता येणार नाही. दोन एकर गेले, ते दुःख मोठे आहे. त्यांच्यामागे उरलेले चार एकर घालवू नयेत.